लाय डिटेक्टर चाचणी आणि तुमची संमती: सातारा-सांगलीकरांचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

‘मशीनवर बसायला तयार आहेस का?’ असे ज्याला ठाण्यात किंवा एलसीबीच्या (स्थानिक गुन्हे शाखेच्या) कार्यालयात विचारले गेले आहे, त्याच्यासाठी आणि त्याच्या घरच्यांसाठी ही उत्तरे आहेत. असे प्रकरण पहिल्यांदाच हातात आलेल्या तालुक्याच्या वकिलांनाही ती उपयोगी पडतील. कलमे नव्या कायद्यांची, म्हणजे भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आणि भारतीय साक्ष्य अधिनियम यांची दिली आहेत. तपास १ जुलै २०२४ पूर्वी सुरू झाला असेल तर जुनी फौजदारी प्रक्रिया संहिता पाहावी. गरज आहे तिथे जुने कलम कंसात दिले आहे.

पोलिसांनी सांगितले म्हणजे चाचणी द्यावीच लागते का?

नाही. ५ मे २०१० रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींनी ‘सेल्वी विरुद्ध कर्नाटक राज्य’ या प्रकरणात हा विषय मिटवला. पॉलिग्राफ (म्हणजेच लाय डिटेक्टर), नार्को (औषध देऊन बोलते करणे) किंवा ब्रेन मॅपिंग (मेंदूतल्या लहरींची नोंद) यांपैकी काहीही कोणावरही त्याच्या इच्छेविरुद्ध करता येत नाही, मग तो आरोपी असो, संशयित असो की साक्षीदार. त्याला आधार राज्यघटनेच्या अनुच्छेद २०(३) (आरोपीला स्वतःविरुद्ध साक्ष देण्याची सक्ती नाही) आणि २१ (जीवित आणि व्यक्तिस्वातंत्र्य) चा आहे. त्याआधी २००४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने तेलगी मुद्रांक घोटाळ्याच्या तपासात अशा चाचण्यांना मोकळीक दिली होती. काही जुने अंमलदार अजून त्याच निकालाचा दाखला देतात, पण सेल्वीनंतर तो चालत नाही.

‘कर नाही त्याला डर कशाला? बसून टाक की एकदा.’ असे गावात सगळेच म्हणतात. मग बसायला काय हरकत आहे?

या म्हणीतच घोळ आहे. यंत्र ‘कर’ मोजत नाही, ‘डर’च मोजते. श्वास, रक्तदाब, नाडी आणि हाताचा घाम या चारच गोष्टी त्याला कळतात. माणूस खोटे बोलताना होतो तसाच बदल अपमानाने, संतापाने किंवा ‘आता माझ्या पोराबाळांचे काय’ या विचारानेही होतो. खोटेपणाची म्हणून शरीराला वेगळी अशी खूण नाही. हे यंत्र पहिल्यांदा पोलीस तपासात आणले ते अमेरिकेत बर्कलीमध्ये, १९२१ साली. शंभर वर्षांत सुया आणि कागद जाऊन संगणक आला, पण मूळ अडचण तीच राहिली.

अंगाला नेमके काय लावतात? दुखते का?

छातीवर आणि पोटावर एकेक लवचीक नळी बांधतात, तिच्यावर श्वासाची नोंद होते. दंडावर बीपीच्या यंत्रासारखाच पट्टा असतो. दोन बोटांना तारा लावतात, त्यावर घामामुळे होणारा बदल दिसतो. बऱ्याच ठिकाणी खुर्चीवर हालचाल टिपणारी गादीही असते. सुई नाही, औषध नाही, शॉक नाही. त्रास होतो तो दंडाच्या पट्ट्याचा. तो काही मिनिटे फुगलेला राहतो, हात जड होतो, मुंग्या येतात. म्हणून दोन फेऱ्यांच्या मध्ये हवा सोडून हात मोकळा करायला वेळ देतात. दिला नाही तर मागा.

बाईची चाचणी असेल तर नळ्या बांधायला महिला कर्मचारी हवी, हे आधीच लेखी सांगून ठेवा.

सगळे किती वेळ चालते?

दोन ते चार तास धरा. त्यातला यंत्राचा वेळ सर्वांत कमी असतो. आधी तासभर किंवा जास्त वेळ नुसत्या गप्पा वाटाव्यात अशी मुलाखत चालते: घरचे काय, शिक्षण काय, प्रकरणात काय घडले. मग प्रश्न वाचून दाखवतात. त्यानंतर यंत्र लावून साधारण दहाएक प्रश्नांची एक फेरी होते, दोन प्रश्नांमध्ये वीस-पंचवीस सेकंदांची शांतता असते आणि उत्तर फक्त ‘हो’ किंवा ‘नाही’. अशा किमान तीन फेऱ्या होतात. शेवटी पट्टे काढल्यावर पुन्हा बोलणे होते: ‘या प्रश्नाला जरा गडबड दिसतेय, काय असेल?’ हा शेवटचा भाग लक्षात ठेवा, खाली पुन्हा येणार आहे.

खरेखोटे किती अचूक कळते?

यंत्रावर विश्वास असलेले लोक मोठे आकडे सांगतात. अमेरिकेच्या राष्ट्रीय संशोधन परिषदेने २००३ मध्ये उपलब्ध अभ्यास तपासले. फार उच्च अचूकता गृहीत धरायला पुरेसा आधार नाही, असे तिने म्हटले. तरी वादापुरते मान्य करू की यंत्र शंभरात ८५ वेळा बरोबर ठरते. आता समजा, एखाद्या कारखान्याच्या स्टोअरमधून माल गेला आणि वीस कामगारांना बसवले. चोर एकच आहे. उरलेल्या एकोणीस जणांपैकी शंभरी पंधराच्या हिशेबाने तिघे जण ‘खोटे बोलतात’ असे निघतील. म्हणजे यादीत चार नावे आली तर त्यांतली तीन निर्दोष माणसांची. आणि खरा चोर यादीत असेलच याची खात्री नाही, तोही शंभरात पंधरा वेळा निसटतो. हा हिशेब तपासी अंमलदारासमोर शांतपणे मांडला तर बऱ्याचदा सामूहिक चाचणीचा विषय तिथेच थांबतो.

संमती कायदेशीर कधी ठरते?

राष्ट्रीय मानवाधिकार आयोगाने २००० साली पॉलिग्राफसाठी मार्गदर्शक सूचना काढल्या आणि सेल्वीच्या निकालात न्यायालयाने त्या काटेकोर पाळायला सांगितल्या. त्या ठाण्यातल्या भिंतीवर लावलेल्या नसतात, म्हणून इथे कामाच्या क्रमाने देतो.

चाचणी द्यायची की नाही हा पर्याय आधी तुमच्यासमोर ठेवला पाहिजे. ‘हो’ म्हणालात तर वकिलाला भेटू दिले पाहिजे. चाचणीचा शरीरावर, मनावर आणि खटल्यावर काय परिणाम होईल हे पोलिसांनी आणि वकिलांनी दोघांनीही समजावून सांगायचे असते. त्यानंतर संमती न्यायदंडाधिकाऱ्यासमोर नोंदवायची. सातारा-सांगलीत म्हणजे तुमच्या तालुक्याच्या प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांच्या कोर्टात. त्या वेळी वकील हजर हवा. तुम्ही किती दिवस कोठडीत आहात आणि चौकशी कशी झाली, हे न्यायदंडाधिकाऱ्यांनी पाहायचे. चाचणीत जे बोलाल ते न्यायदंडाधिकाऱ्यांपुढचा कबुलीजबाब नाही, पोलिसांपुढे केलेल्या विधानाएवढीच त्याची किंमत, हे त्यांनी तुम्हाला स्पष्ट शब्दांत सांगायचे. प्रत्यक्ष नोंद पोलिसांनी नव्हे, स्वतंत्र संस्थेने घ्यायची, वकिलाच्या उपस्थितीत. आणि माहिती कशी मिळाली याचा वैद्यकीय तपशिलासह पूर्ण वृत्तांत अभिलेखावर यायला हवा.

यातली एक पायरी वगळली तरी ‘स्वेच्छेने’ हा शब्द लंगडा होतो. व्यवहारात हमखास गळतात त्या दोन पायऱ्या: वकिलाची भेट आणि न्यायदंडाधिकाऱ्यांनी कोठडीबद्दल विचारणे.

मी ठाण्यातच छापील संमतीपत्रावर सही केली आहे. आता काय?

घाबरू नका. ठाण्यातली सही ही न्यायदंडाधिकाऱ्यासमोरच्या संमतीची जागा घेऊ शकत नाही. पुढच्या रिमांडच्या तारखेला वकिलामार्फत साधा अर्ज द्या: सही कुठे, कधी, कोणासमोर घेतली, कागद वाचून दाखवला का, वकील होता का, आणि आता चाचणी द्यायची नाही. कोऱ्या कागदावर किंवा रिकाम्या जागा असलेल्या छापील नमुन्यावर सही झाली असेल तर तेही लिहा. तुम्ही अटकेत नसाल, नुसतेच चौकशीला बोलावले असेल, तर हाच मजकूर तपासी अंमलदाराला आणि त्याची प्रत पोलीस अधीक्षक कार्यालयाला द्या, पोच घ्या. पोच दिली नाही तर रजिस्टर पोस्टाने पाठवा, पावती जपून ठेवा.

न्यायदंडाधिकाऱ्यांसमोर उभे राहिल्यावर काय बोलावे?

जे खरे आहे ते, थोडक्यात. साहेब विचारतात, ‘तुमची संमती आहे का?’ आणि मागे उभ्या हवालदाराकडे बघून माणूस मान डोलावतो. त्याची नोंद ‘संमती दिली’ अशी होते. म्हणून ‘हो’ म्हणायचे असेल तरी अटी सांगा: कोणती चाचणी, कोणत्या घटनेपुरती, वकील हजर राहील, मराठीत प्रश्न. ‘विचार करायला वेळ हवा’ हेही उत्तर आहे. मारहाण, झोपू न देणे, घरच्यांना उचलण्याची धमकी असे काही झाले असेल तर ते त्याच क्षणी सांगा. नंतर सांगितले तर ‘तेव्हा का बोलला नाहीत’ हाच पहिला प्रश्न येतो.

नकार दिला तर संशय वाढणार नाही का?

अंमलदाराच्या मनात वाढेल कदाचित. कोर्टात त्याला किंमत नाही. गप्प राहण्याच्या हक्काचा वापर केला म्हणून विरुद्ध अनुमान काढता येत नाही. मात्र रिमांड रिपोर्टमध्ये ‘आरोपी तपासात सहकार्य करत नाही, पॉलिग्राफला नकार देतो’ असे वाक्य येते आणि पोलीस कोठडी वाढवून मागितली जाते. वकिलाने तिथेच उभे राहून सांगावे की चाचणी नाकारणे हा घटनेने दिलेला हक्क आहे, ते असहकार्य नव्हे.

नकाराचा मजकूर एवढाच पुरे: ‘मला पॉलिग्राफ चाचणी समजावून सांगण्यात आली. ती देण्यास माझी संमती नाही. राज्यघटनेच्या अनुच्छेद २०(३) अन्वये मी माझा हक्क राखून ठेवत आहे.’ तारीख, वेळ, सही. कारणे लिहू नका. कारण लिहिले की त्यावर उलट प्रश्न सुरू होतात.

बोटांचे ठसे, आवाजाचा नमुना, रक्त हेही नाकारता येईल का?

नाही, इथे लोकांची गल्लत होते. १९६१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या अकरा न्यायमूर्तींनी काथी कालू ओघड प्रकरणात ठरवले की ठसे किंवा हस्ताक्षराचा नमुना देणे म्हणजे स्वतःविरुद्ध साक्ष देणे नव्हे. आज नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३४९ खाली न्यायदंडाधिकारी सही, हस्ताक्षर, ठसे आणि आवाजाचा नमुना देण्याचा आदेश देऊ शकतात. कलम ५१ (जुने ५३) खाली अटकेतल्या आरोपीची वैद्यकीय तपासणी होते. फरक असा: ठसा बोलत नाही, तो फक्त जुळवला जातो. पॉलिग्राफमध्ये तुमच्या डोक्यात काय आहे ते बाहेर काढायचे असते.

मी फक्त साक्षीदार आहे. मलाही बोलावले आहे.

साक्षीदारालाही हाच हक्क आहे. शिवाय कलम १७९ (जुने १६०) ची नोटीस अंमलदाराच्या स्वतःच्या किंवा लगतच्या ठाण्याच्या हद्दीतल्या माणसालाच काढता येते. बाई, पंधरा वर्षांखालचा मुलगा, साठीपुढचा पुरुष, अपंग किंवा गंभीर आजारी व्यक्ती यांना तर घराबाहेर बोलवताच येत नाही. जबाब घरी येऊन घ्यायचा. ‘चौकशीला या’ ही नोटीस म्हणजे ‘मुंबईला चला’ नव्हे. फिर्यादीचेही तेच. लैंगिक अत्याचाराच्या प्रकरणात फिर्यादी बाईला ‘तुझे खरे असेल तर मशीनवर बस’ असे सुचवले जाते, त्याला तिने उत्तर देण्याचीही गरज नाही.

निकाल कोर्टात पुरावा म्हणून चालतो का?

चाचणीचा निकाल म्हणून, नाही. संमतीने दिलेली असली तरी नाही, हेही सेल्वीतच आहे. पण इथेच सगळ्यात महागडी चूक होते. ‘पुरावा धरत नाहीत ना, मग काय बिघडते’ म्हणून माणूस बसतो आणि बोलतो.

साक्ष्य अधिनियमाच्या कलम २३ चे परंतुक (जुने प्रसिद्ध कलम २७) पाहा. स्वेच्छेने दिलेल्या चाचणीतून मिळालेल्या माहितीवरून पुढे एखादी वस्तू किंवा माहिती सापडली तर ते सापडणे पुरावा म्हणून येऊ शकते. कृष्णेच्या घाटावर किंवा उसाच्या रानात कोयता कुठे टाकला हे तुमच्या तोंडून आले, पंचांसमक्ष तो कोयता निघाला, की यंत्राचा आलेख बाजूला राहतो आणि पंचनामा कोर्टात जातो. आणि ही माहिती बहुधा पट्टे बांधलेले असताना निघत नाही, कारण तेव्हा तुम्ही फक्त ‘हो-नाही’ म्हणता. ती निघते आधीच्या गप्पांत किंवा नंतरच्या ‘काय असेल बरे?’ मध्ये. संमती देताना वकिलाची हजेरी या दोन्ही टप्प्यांना मागावी, ती याचसाठी. नुसत्या यंत्राच्या वेळेपुरता वकील काचेआड उभा राहून काही साधत नाही.

मी निर्दोष आहे, मला स्वतःहूनच चाचणी द्यायची आहे. मागता येते का?

अर्ज करता येतो, मिळेलच असे नाही. ९ जून २०२५ रोजी अमलेश कुमार विरुद्ध बिहार राज्य या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने नार्कोबद्दल सांगितले की आरोपीला बचावाचा पुरावा देण्याच्या टप्प्यावर स्वेच्छेने चाचणी मागता येईल, पण तो निरपवाद हक्क नाही. सर्व परिस्थिती, संमती खरी आहे का आणि सुरक्षेची व्यवस्था हे पाहून न्यायालय ठरवील. पॉलिग्राफसाठी अर्ज करतानाही वकिलाने हाच निकाल समोर ठेवावा. आमचे मत विचाराल तर, निर्दोष माणसाला यातून मिळण्यासारखे थोडे आणि गमावण्यासारखे बरेच. ‘खरे बोलतो’ असा अहवाल आला तरी त्याने खटला सुटत नाही, आणि उलटा आला तर तपास तुमच्याच मागे लागतो.

पॉलिग्राफला हो म्हटले म्हणजे नार्कोलाही झाले का?

नाही. नार्कोत शिरेतून सोडियम पेंटोथालसारखे औषध देतात, भूलतज्ज्ञ लागतो, जिवाची जोखीम वेगळी. प्रत्येक चाचणीची संमती स्वतंत्र. कागदावर ‘आवश्यक त्या सर्व वैज्ञानिक चाचण्यांस’ असे शब्द असतील तर ते खोडून फक्त ‘पॉलिग्राफ’ लिहा आणि खोडल्याच्या जागी सही करा.

बीपी, दमा, साखर आहे. चालेल का?

हृदयविकार, अनियंत्रित रक्तदाब, दमा, फिट्स, गरोदरपण, मानसिक आजारावरची औषधे, लकवा किंवा दंडाची जुनी दुखापत: यांपैकी काहीही असेल तर आधी सांगा आणि वैद्यकीय तपासणी लेखी मागा. बीपीच्या काही गोळ्या हृदयाचे ठोके दाबून ठेवतात, त्याने आलेखच बदलतो. तरी नेहमीची गोळी बंद करू नका. सिव्हिल हॉस्पिटलचे कागद आणि गोळ्यांची पाकिटे सोबत न्या. साधा खोकला-सर्दी असेल तरी तारीख पुढे मागा, खोकल्याने श्वासाची नोंद निकामी होते.

चाचणी मुंबईत आहे. जाताना काय पाहावे?

राज्याच्या न्यायसहायक वैज्ञानिक प्रयोगशाळेचे मुख्य ठिकाण मुंबईत कालिन्याला आहे. साताऱ्याहून ते अडीचशे किलोमीटरच्या आसपास, सांगली-मिरजेहून पावणेचारशेच्या आसपास. नेहमी घडते ते असे: पहाटे दोनला गाडी निघते, माणूस मागच्या सीटवर दोन पोलिसांच्या मध्ये बसून जातो, वाटेत एक वडापाव आणि चहा, अकरा वाजता खुर्चीत. न झोपलेल्या, उपाशी माणसाचा आलेख वाचण्यासारखा नसतो. आदल्या दिवशी पोहोचणे, रात्रीची पुरती झोप आणि सकाळचे जेवण या अटी संमतीच्या वेळीच न्यायदंडाधिकाऱ्यांकडून नोंदवून घ्या. तरीही झोप झाली नसेल तर तज्ज्ञाला मुलाखतीतच सांगा आणि ते लिहून घ्या म्हणा.

प्रश्न आधी कळतात का? बदलून मागता येतात का?

कळले पाहिजेत, अचानक प्रश्न विचारणे या पद्धतीतच बसत नाही. प्रश्नांची यादी ऐकताना शब्दाशब्दाकडे लक्ष द्या. ऊसतोड टोळीच्या मुकादमाला ‘तुम्ही कारखान्याचे पैसे उचललेत का?’ असे विचारले तर तो बिचारा अडखळणारच. त्याने हंगामाची ‘उचल’ (आगाऊ रक्कम) रीतसर घेतलेली असते. तिथे ‘१२ तारखेला रात्री ऑफिसच्या कपाटातून तुम्ही रोकड काढली का?’ असा प्रश्न हवा. एका प्रश्नात एकच गोष्ट, ठरावीक दिवस, ठरावीक जागा आणि तुमच्या बोलीतला शब्द. ‘तुम्हाला माहीत आहे का?’ हा प्रश्न शक्यतो नाकारा, कारण गावात बातमी पसरल्यावर सगळ्यांनाच सगळे माहीत असते.

‘आयुष्यात कधी कोणाला फसवले आहे का?’ असलेही प्रश्न मध्येच येतात. ते तुलनेसाठी असतात, प्रकरणाशी त्यांचा संबंध नाही. बोट दाबणे, श्वास रोखणे असले उपाय करू नका. ते दिसतात आणि ‘जाणूनबुजून अडथळा’ अशी नोंद होते.

मध्येच थांबवता येते का?

हो. ‘मला पुढे द्यायची नाही, पट्टे काढा’ असे म्हणा आणि वेळ लिहून घ्यायला सांगा.

अहवालात ‘निष्कर्ष निघत नाही’ आले. म्हणजे काय?

म्हणजे काहीच नाही, ना इकडे ना तिकडे. पुन्हा बसवायचे असेल तर पुन्हा न्यायदंडाधिकारी, पुन्हा वकील, पुन्हा संमती. अहवाल दोषारोपपत्राच्या कागदांत जोडला असेल तर नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम २३० (जुने २०७) खाली त्याची प्रत मिळते. नसेल तर वकिलाने अर्ज करून मागावा.

पतसंस्थेचे चेअरमन किंवा सराफ मालक म्हणतात, खासगी एजन्सीकडून सगळ्या नोकरांची चाचणी करू.

सेल्वीचा निकाल फौजदारी तपासापुरता मर्यादित नाही, जबरदस्ती कुठेच नाही. पोलिसांत तक्रार न देता परस्पर असा प्रकार सुरू असेल तर लेखी नकार द्या आणि ‘चोरीची रीतसर फिर्याद द्यावी, मी पोलीस तपासाला हजर राहीन’ असे त्यातच लिहा.

वकील परवडत नाही.

कोठडीतल्या कोणालाही, तसेच बायका, मुले, अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्तींना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. साताऱ्यात आणि सांगलीत जिल्हा न्यायालयाच्या आवारात जिल्हा विधी सेवा प्राधिकरण आहे, तालुक्याच्या कोर्टात तालुका समिती. हेल्पलाइन १५१००. अर्जात ‘पॉलिग्राफ संमतीसाठी तातडीने’ हे शब्द लाल शाईने लिहा, नाहीतर नेहमीच्या गठ्ठ्यात जातो.

जबरदस्तीने बसवलेच तर?

परतल्यावर पहिल्या रिमांडला न्यायदंडाधिकाऱ्यांना सांगा आणि वैद्यकीय तपासणी मागा. दंडावर पट्ट्याचा वळ फार वेळ राहत नाही, त्यामुळे उशीर करू नका. पोलीस अधीक्षकांकडे लेखी तक्रार, मग मानवाधिकार आयोग. आयोगाकडे घटनेपासून एक वर्षाच्या आत जावे लागते. उच्च न्यायालयात रिट (मूलभूत हक्क मोडल्याबद्दलचा अर्ज) करायचे असेल तर आता मुंबईची फेरी नको. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झाले आहे आणि सातारा, सांगली दोन्ही जिल्हे त्याच्याकडे आहेत.